रात्रीच रचून ठेवलेली न्याहारी

नाताळच्या आदल्या रात्री अमेरिकेतल्या कितीतरी घरांत एक काम ठरलेलं असतं. तेरा इंच लांब आणि नऊ इंच रुंद अशा पसरट भांड्याला आतून लोणी चोळायचं. तळाशी पावाचे तुकडे पसरायचे, त्यावर परतून मोकळं केलेलं सॉसेज, म्हणजे डुकराच्या मांसाचा मसालेदार खिमा, त्यावर किसलेलं चेडर चीज. मग दुधात फेटलेली अंडी, त्यात चिमूटभर मोहरीची पूड, आणि हे सगळं वरून सावकाश ओतायचं. भांडं फॉइलने झाकून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवायचं. सकाळी मुलं भेटवस्तूंचे कागद फाडत असताना ते ओव्हनमध्ये फुगत असतं, आणि तासाभरात आठ-दहा माणसांची भरपेट न्याहारी टेबलावर येते. हाच तो ब्रेकफास्ट कॅसरोल.

कॅसरोल म्हटलं की मराठी वाचकाला अन्न गरम ठेवायचा झाकणाचा डबा आठवेल. इथे तो अर्थ नाही. मूळ फ्रेंच शब्द दांडीच्या पातेल्याचा. इंग्रजीत तो अठराव्या शतकाच्या सुरुवातीला आला आणि पुढे भांड्याचं नाव त्यात भाजलेल्या पदार्थालाच चिकटलं.

कृती म्हणून पाहिलं तर यात कौशल्याचं फारसं काही नाही, चार ओळींत ती संपते. मला त्यातला सगळ्यात मोलाचा शब्द वाटतो तो ‘रात्रभर’. सकाळच्या घाईतलं काम आदल्या रात्रीवर ढकलता येणं ही स्वयंपाकघराच्या इतिहासातली फार अलीकडची सोय आहे, आणि या साध्या पदार्थामागे ती सोय कशी घडली याची मोठी गोष्ट आहे.

कल्पनेची मुळं अर्थात जुनी. एपिकियसच्या नावावर असलेल्या रोमन पाककृतींच्या संग्रहात ‘पातिना’ नावाचे पदार्थ येतात: पसरट भांड्यात मांस, मासे किंवा भाज्या घालून अंड्यांनी बांधलेले. इंग्लंडमध्ये शिळ्या पावाचं पुडिंग शतकानुशतकं होत आलं आणि वसाहतींबरोबर ते अमेरिकेत पोहोचलं. पाव वाया घालवायचा नाही हा त्यामागचा मुख्य विचार. शिळाच पाव का, याचं उत्तर आजही तेच आहे. ताजा मऊ पाव दुधात पडला की त्याचा लगदा होतो. सुकलेला पाव मात्र अंड्या-दुधाचं मिश्रण पिऊन घेतो आणि तरीही आपला आकार धरून राहतो.

पावाच्या अशा थरांच्या पदार्थाचं ‘स्ट्राटा’ हे नाव, म्हणजे लॅटिनमध्ये थर, अमेरिकन पुस्तकात 1902 साली दिसतं. जुनियाटा शेपर्ड यांच्या गृहशास्त्राच्या पुस्तकातल्या त्या कृतीत पाव आहे, चीज आहे, लोणी, मैदा आणि दुधाचा व्हाइट सॉस आहे. अंडी नाहीत! तो काळच व्हाइट सॉसचा होता. 1899 मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या लेक प्लॅसिड इथे एलेन स्वॉलो रिचर्ड्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गृहशास्त्राची पहिली परिषद भरवली होती. स्वयंपाक मोजमापाने, काटकसरीने आणि शास्त्रशुद्ध व्हावा हा त्यांचा आग्रह. अंडी-दुधाच्या मिश्रणाने त्या सॉसची जागा घेतली ती नंतर. ते मिश्रण रात्रभर बिनधोक ठेवायचं तर घरात खात्रीची थंडी हवी, आणि तेव्हा ती नव्हती.

विजेच्या फ्रिजआधी अमेरिकन घरांत असायची बर्फपेटी. बर्फवाला लादी टाकून जायचा, ती वितळत जायची, आणि आतलं तापमान बर्फ किती उरलाय यावर ठरायचं. जनरल इलेक्ट्रिकचा ‘मॉनिटर टॉप’, म्हणजे डोक्यावर गोल यंत्र असलेला फ्रिज, 1927 मध्ये आला. सुरुवातीला तो चैनीचाच होता. पण मंदीचं दशक आणि दुसरं महायुद्ध संपेपर्यंत बहुसंख्य अमेरिकन घरांत यांत्रिक फ्रिज पोहोचला होता. दूध आणि अंडी एकत्र करून निर्धास्त झोपायला जाणं तेव्हापासून शक्य झालं.

भांड्याची कथा मला याहूनही आवडते. न्यूयॉर्क राज्यातल्या कॉर्निंग गावच्या काचेच्या कारखान्यात रेल्वेच्या कंदिलांसाठी आणि बॅटऱ्यांसाठी एक खास काच बनत होती, तापमान एकदम बदललं तरी सहसा न तडकणारी. तिथले शास्त्रज्ञ जेसी लिटलटन यांनी 1913 मध्ये बॅटरीच्या एका बरणीचा कापलेला तळ घरी नेला आणि त्यांच्या पत्नी बेसी लिटलटन यांनी त्यात केक भाजला. केक छान झाला, सगळीकडून सारखा भाजला गेला आणि भांड्याला चिकटलाही नाही. 1915 मध्ये पायरेक्स बाजारात आलं. ज्या भांड्यात रचायचं, त्यातच ठेवायचं, त्यातच भाजायचं आणि तेच टेबलावर मांडायचं, शिवाय तळ कितपत तांबूस झालाय तेही काचेतून दिसायचं. कंपनीच्या प्रयोगशाळेतलं श्रेय नेहमी संशोधकाकडे जातं, पण या काचेचं स्वयंपाकघरातलं पहिलं यश एका गृहिणीच्या हातचं आहे, हे आवर्जून सांगायला हवं. काच कितीही चांगली असली, तरी फ्रिजमधलं गार भांडं तडक तापल्या ओव्हनमध्ये घालू नये. अर्धा तास ओट्यावर राहू द्यावं.

तिसरी गोष्ट पावाच्या कापांची. ऑटो रोवेडर यांच्या यंत्राने कापलेला पाव मिसूरी राज्यातल्या चिलिकॉथी गावात 7 जुलै 1928 रोजी विक्रीला आला. सारख्या जाडीचे काप मिळू लागले तसं कृतीत ‘पाव’ऐवजी ‘आठ काप’ असं लिहिता येऊ लागलं. 1943 च्या जानेवारीत सरकारने युद्धकाळातली काटकसर म्हणून कापलेल्या पावावर बंदी घातली, तेव्हा गृहिणी इतक्या संतापल्या की मार्चमध्ये ती उठवावी लागली. त्याच मार्चअखेरीस मांस आणि चीज रेशनवर गेलं. थोडं मांस पावात आणि अंड्यांत मिसळून अनेकांना पुरवायचं, ही कॅसरोलची रीत त्या वर्षांत घरोघरी मुरली.

युद्धानंतर डबाबंद वस्तूंची लाट आली. कॅम्पबेल कंपनीचं क्रीम ऑफ मशरूम सूप 1934 पासून मिळत होतं. आता ते सॉसची जागा घेऊ लागलं, आणि न्याहारीच्या कितीतरी कृतींतही त्याचा एक डबा दिसतो. माझं मत विचाराल तर तो नको. अंडी आणि दूध स्वतःच बांधायचं काम नीट करतात, सुपाने चव जड होते.

न्याहारी भरपेटच हवी, तिच्यात डुकराचं मांस आणि अंडी हवीतच, ही समजूतही काही अंशी घडवलेली आहे. 1920 च्या दशकात बीच-नट कंपनीच्या बेकनचा खप वाढवण्यासाठी जनसंपर्काचे जनक मानले जाणारे एडवर्ड बर्नेज यांनी एका डॉक्टरकरवी हजारो डॉक्टरांना पत्रं पाठवून विचारलं की हलकी न्याहारी बरी की भरपूर. बहुतेकांनी ‘भरपूर’ म्हटलं, वर्तमानपत्रांनी ते छापलं, आणि बेकन-अंडी हे न्याहारीचं ठरलेलं रूप झालं. सेज नावाचा सुगंधी पाला आणि मिरी घातलेलं मोकळं सॉसेज मात्र जुनं, खेड्यांतलं. थंडी पडली की डुक्कर कापायचं आणि उरलेल्या तुकड्यांचा मसाला घालून खिमा करायचा, अशी शेतकऱ्यांची पद्धत होती. गायक जिमी डीन यांनी 1969 मध्ये टेक्सासमध्ये सॉसेजचा कारखाना काढला आणि न्याहारीचं सॉसेज पाकिटातून देशभर गेलं.

पण हा पदार्थ पसरवला कोणी? कुठल्या नामांकित आचाऱ्याने नाही. तो पसरला चर्चच्या महिला मंडळांच्या, शाळांच्या आणि सेवासंस्थांच्या पाककृतींच्या पुस्तकांतून. ही परंपरा यादवी युद्धापासूनची. 1864 मध्ये फिलाडेल्फियात मारिया मॉस यांनी जखमी सैनिकांच्या मदतीसाठी भरलेल्या मेळ्याकरता असं पुस्तक काढलं. पुढे शेकडो गावांनी छप्पर दुरुस्तीसाठी, दवाखान्यासाठी, शिष्यवृत्तीसाठी पुस्तकं छापली. प्रत्येक कृतीखाली देणारीचं नाव असे, आणि बरीच वर्षं तेही नवऱ्याच्याच नावाने, ‘मिसेस अमुक तमुक’ असं. ती पानं चाळताना मला नेहमी वाईट वाटतं: कृती तिची, सही त्याची.

याच परंपरेतली सगळ्यात प्रसिद्ध कृती सीमेपलीकडे, कॅनडात छापली गेली. कॅलगरीतल्या आठ मैत्रिणी पत्त्यांतला ब्रिज खेळायला जमत. 1976 मध्ये त्यांनी मिळून ‘द बेस्ट ऑफ ब्रिज’ हे पुस्तक काढलं. त्यांच्या पुस्तकांत कडा काढलेले पावाचे काप, कॅनेडियन बेकन, चेडर, अंडी, दूध आणि वर कुस्करलेले कॉर्नफ्लेक्स अशी एक न्याहारी आहे, आदल्या रात्री रचायची. तिचं नाव ‘ख्रिसमस मॉर्निंग वाइफ सेव्हर’. बायकोला वाचवणारी! सणाच्या सकाळी घरातलं सगळं माणूस दिवाणखान्यात आणि एकटी ती चुलीपाशी, हे चित्र बदलायला हवं हे त्या बायकांनी नावातच लिहून टाकलं. काम कमी झालं नाही, आदल्या रात्रीही तेच हात राबत होते. पण सकाळचा तो एक तास तिचा झाला, आणि तो लहान नव्हे.

बटाट्याचा फाटा ओरेगॉनमधून आला. ओर-आयडा कंपनीच्या ग्रिग बंधूंनी फ्रेंच फ्राइज कापताना उरणाऱ्या तुकड्यांपासून 1953 मध्ये टेटर टॉट्स, म्हणजे बटाट्याचे छोटे गोळे, बनवले. पावाऐवजी हे गोळे किंवा गोठवलेले हॅश ब्राउन, म्हणजे किसलेला बटाटा, वापरले की भिजवत ठेवायची गरज फारशी उरत नाही.

1980 च्या दशकात एक धक्का बसला. तोवर अखंड कवचाचं अंडं आतून सुरक्षित असतं अशी समजूत होती. मग कळलं की साल्मोनेला एन्टेरिटिडिस हा जंतू कोंबडीच्या अंडाशयातूनच अंड्यात उतरू शकतो. मधोमध थोडं ओलसर ठेवण्याची आवड त्यानंतर मागे पडली. अमेरिकन कृषी खात्याचा नियम आता स्पष्ट आहे: अंड्याच्या अशा पदार्थाचं मधलं तापमान 160 अंश फॅरनहाइट, म्हणजे 71 सेल्सिअस व्हायलाच हवं, आणि तो दोन तासांपेक्षा जास्त बाहेर ठेवायचा नाही. सॉसेज थरात घालण्याआधी पूर्ण शिजवलेलं हवं. कांदा आणि मशरूमही आधी परतलेले बरे, नाहीतर त्यांचं पाणी मिश्रणात सुटतं. उलट टोकाला, फार वेळ भाजलं की अंड्यातली प्रथिनं आवळतात आणि पाणी बाहेर टाकतात, तळाशी साचतं ते हेच. म्हणून ओव्हन 350 फॅरनहाइटला, म्हणजे साधारण 175 सेल्सिअसला ठेवायचा, आणि मधोमध थर्मामीटर खुपसून बघायचं.

आता हे भांडं फक्त सणाला निघत नाही. कुणाकडे बाळ झालं, कुणी इस्पितळातून घरी आलं, कुणाच्या घरी मृत्यू झाला, की शेजारीण फॉइल लावलेला कॅसरोल दारात आणून देते. दुःखातल्या घराला सकाळी फक्त ओव्हन लावायचा असतो. भांड्याच्या तळाला चिकटपट्टीवर पेनाने नाव लिहिलेलं असतं, रिकामं झाल्यावर ते कुणाकडे पोचवायचं हे कळावं म्हणून. आणि त्या पट्टीवर आता तिचं स्वतःचं नाव असतं.