लष्करी कारवाईत जखमी झालेला नागरिक: आयसीडी कोडमागची पार्श्वभूमी

स्फोटात पाय गेलेल्या माणसाच्या केस पेपरवर डॉक्टर बहुतेकदा दोनच शब्द लिहितात: ‘ब्लास्ट इंज्युरी’. उपचार सुरू करायला ते पुरेसे आहेत, कोडिंगला, म्हणजे आजार किंवा मृत्यूच्या कारणाला आकडेवारीसाठी ठरावीक सांकेतिक क्रमांक द्यायला, नाहीत. आयसीडी-१० या जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार व मृत्यूकारणांच्या वर्गीकरणात तेवढ्यावरून चार वाटा फुटतात. स्फोट अपघाती असेल तर डब्ल्यू४०, कुणी घातपात केला असेल तर एक्स९६, हेतू कळला नसेल तर वाय२५ आणि युद्धकारवाईतला असेल तर वाय३६.२. सूचीत नुसता ‘स्फोट’ शोधला की कोडर, म्हणजे कोड लावणारा कर्मचारी, अपघाताच्या कोडवर जाऊन थांबतो. म्हणून कागदावर कारण लिहिलेले नसले की तोफगोळ्याने मेलेला माणूस आकडेवारीत गॅस सिलिंडर फुटून मेलेल्यांच्या शेजारी जाऊन बसतो.

या कोडचा इतिहास मृत्यूच्या नोंदींपासून सुरू होतो. १८९३ मध्ये जॅक बर्तियों यांनी मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी मांडली आणि १९०० पासून ती ठरावीक काळाने सुधारली जाऊ लागली. पहिल्या महायुद्धानंतर, १९२० च्या सुधारणेत, युद्धातल्या जखमांच्या जोडीला एक भयंकर नोंद आली: लढणाऱ्या सैन्यांनी दिलेला नागरिकांचा मृत्युदंड. म्हणजे यादीत नागरिक होता, पण गोळ्या घालून मारलेला. बॉम्बखाली सापडलेल्याला वेगळी जागा नव्हती. ती १९३८ च्या पाचव्या सुधारणेत मिळाली. युद्धकारवाईत मेलेले सैनिक आणि युद्धकारवाईत मेलेले नागरिक अशा दोन स्वतंत्र नोंदी झाल्या. दुसरे महायुद्ध तेव्हा वर्षभरावर होते.

१९४८ मध्ये यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि तिचा साचा बदलला. मृत्यूबरोबर आजारही तिच्यात आले. दुखापतीला दोन कोड लागू लागले, एक जखमेच्या स्वरूपाचा आणि दुसरा बाह्य कारणाचा. त्यानंतर युद्धाच्या दुखापती कशाने झाल्या यावरून लावायची पद्धत रुजली. आयसीडी-९ मध्ये ई९९० ते ई९९९ हा गट आग, गोळ्या व कपच्या, सागरी शस्त्रे, विमानाचा नाश, अण्वस्त्रे अशा क्रमाने जातो. सैनिक आणि नागरिक दोघांनाही तोच कोड. आयसीडी-१० ने वाय३६ मध्ये हेच पुढे चालवले: युद्ध आणि अंतर्गत बंड यांमुळे सैनिकांना व नागरिकांना झालेल्या दुखापती, एकाच शीर्षकाखाली. आमच्या मते इथे मोठे नुकसान झाले. नागरिक किती मेले, हा युद्धाबद्दलचा सगळ्यात मोठा प्रश्न. त्याचे उत्तर कोडमधून मिळायचे बंद झाले.

ते अंशतः परत आणले अमेरिकेच्या आवृत्तीने. १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे आयसीडी-१०-सीएम सक्तीचे झाले. त्यात वाय३६ च्या कोडला सहावे चिन्ह आहे: ० म्हणजे सैनिक, १ म्हणजे नागरिक. सातवे चिन्ह उपचाराचा टप्पा सांगते. समजा, युद्धात पेरलेला सुरुंग लढाई थांबल्यावर फुटला आणि शेतकऱ्याचा डावा पाय गुडघ्याखाली तुटला. आधी जखमेचा कोड एस८८.११२ए आणि मग कारणाचा वाय३६.८११ए. कारणाचा कोड तिथे कधीच पहिला येत नाही. मृत्यूच्या कोडिंगमध्ये मात्र उलट असते. मूळ कारण म्हणून वाय३६ च निवडायचा आणि जखम जोडीला. रुग्णालयातून जन्म-मृत्यू निबंधक कार्यालयात गेलेला कोडर नेमका इथे अडखळतो.

सातव्या चिन्हाचीही एक नेहमीची चूक आहे. ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे, तर सक्रिय उपचार चालू असल्याचा काळ. सीमेवरच्या छोट्या दवाखान्यातून मोठ्या रुग्णालयात आलेल्या आणि शस्त्रक्रिया व्हायची असलेल्या रुग्णाला ‘डी’ लावणे चूक. ‘डी’ भरून येण्याच्या काळासाठी, ‘एस’ मागे राहिलेल्या परिणामांसाठी. जागतिक आवृत्तीत युद्धाच्या उशिरा दिसणाऱ्या परिणामांना वाय८९.१ आहे.

युद्ध नसताना झालेल्या लष्करी कारवाईसाठी अमेरिकेने वाय३७ हा गट वेगळा काढला. लष्करी जागेवर किंवा नेहमीच्या सरावात झालेल्या दुखापती, सैनिकांच्या आणि नागरिकांच्याही, त्यात येतात. देवळालीच्या किंवा अहिल्यानगरजवळच्या के. के. रेंज या लष्करी सराव मैदानावर न फुटलेला गोळा कुणी भंगारासाठी उचलला आणि तो फुटला, तर या पद्धतीने वाय३७.२९१ए लागेल. आपल्याकडच्या जागतिक आवृत्तीत वाय३७ नाहीच. तिथे हा माणूस अपघाती स्फोटात जमा होतो आणि लष्कराचा संबंध नोंदीतून पुसला जातो.

दहशतवादाचा कोड ११ सप्टेंबर २००१ नंतरचा. २००२ मध्ये अमेरिकेने ई९७९ जोडला, पुढे तो वाय३८ झाला. अट अशी की घटना दहशतवादी असल्याचे एफबीआयने म्हटलेले हवे. नुसता संशय असेल तर हल्ल्याचा कोड लावायचा. जागतिक आयसीडी-१० मध्ये असा गट नाही. त्यामुळे १२ मार्च १९९३ च्या मुंबईतल्या स्फोटांसारखी घटना या यादीत एक्स९६ मध्येच मोडते.

गडचिरोलीत प्रश्न आणखी अवघड होतो. १ मे २०१९ रोजी जांभुळखेड्याजवळ नक्षलवाद्यांनी केलेल्या भूसुरुंगाच्या स्फोटात १५ पोलीस आणि त्यांच्या गाडीचा चालक मारला गेला. याला ‘अंतर्गत बंड’ मानले तर वाय३६.२, गुन्हा मानले तर एक्स९६. चालक नागरिक होता, पण जागतिक आवृत्तीत दोन्ही वाटांनी त्याला सोबतच्या पोलिसांचाच कोड मिळतो. गोळी सुरक्षा दलाची असेल तर वाय३५ चा विचार करावा लागतो, कारण कायदा-सुव्यवस्था राखताना पोलिसांनी केलेल्या दुखापतींच्या त्या गटात कर्तव्यावरचे लष्करही धरलेले आहे. अमेरिकी आवृत्तीत तिथे अधिकारी, बघ्या आणि संशयित असे भेद करता येतात.

२००१-०२ मध्ये ऑपरेशन पराक्रमच्या, म्हणजे संसदेवरच्या हल्ल्यानंतर सीमेवर झालेल्या सैन्याच्या जमवाजमवीच्या वेळी पश्चिम सीमेवरच्या शेतांत सुरुंग पेरले गेले. युद्ध झालेच नाही. मग नंतर फुटलेल्या सुरुंगाला ‘लढाई थांबल्यानंतर’चा वाय३६.८ कसा लावणार? मे २०२५ मध्ये पूंछवर तोफगोळे पडले तेव्हाही युद्ध जाहीर झालेले नव्हते. पण दोन सैन्ये समोरासमोर मारा करत होती, म्हणून तिथे वाय३६.२ लावणे आम्हाला योग्य वाटते.

यातले बरेच काही कोडरच्या हाती पोचतच नाही. मृत्यूच्या कारणाच्या प्रमाणपत्रात, नमुना ४ मध्ये, मृत्यूचा प्रकार म्हणून नैसर्गिक, अपघात, आत्महत्या, खून आणि तपास प्रलंबित असे पर्याय आहेत. युद्धकारवाईचा रकाना नाही. उरते ती ‘दुखापत कशी झाली’ ही ओळ. तिथे ‘स्फोट’ऐवजी ‘सीमेपलीकडून आलेला तोफगोळा घराच्या अंगणात फुटला, मृत नागरिक’ एवढे लिहिले तरी कोड ठरतो आणि कोडमध्ये न मावणारा ‘नागरिक’ हा शब्द निदान कागदावर राहतो.

रुग्णालय बंद पडल्याने इन्सुलिन न मिळून मेलेला मधुमेही मात्र यातल्या कुठल्याच गटात येत नाही. त्याची नोंद ई१० ते ई१४ मध्ये, मधुमेह म्हणून होते.