वरळीच्या बीडीडी चाळी : खाऱ्या वाऱ्यातल्या काँक्रीटची शंभर वर्षे

ऑगस्ट 2025मध्ये वरळीच्या बीडीडी चाळींतल्या 556 कुटुंबांना नव्या टॉवरमधल्या घरांचा ताबा मिळाला. 160 चौरस फुटांच्या खोलीतून 500 चौरस फुटांच्या घरात. या चाळी का पाडाव्या लागल्या आणि इतकी वर्षे त्यांचे घोंगडे का भिजत पडले, हे समजायला त्या कुणी, कशाने आणि कुठे बांधल्या तिथून सुरुवात करावी लागते.

1896च्या प्लेगनंतर मुंबईत इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. त्याने दाट वस्त्या पाडून रस्ते काढले, पण पाडलेल्या खोल्यांच्या मानाने नव्या खोल्या थोड्याच झाल्या. पहिल्या महायुद्धाच्या काळात गिरण्या जोरात चालल्या, गावाकडून माणसे येत राहिली आणि भाडी भडकली. तेव्हा गव्हर्नर जॉर्ज लॉईड यांनी 1920मध्ये बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट उभे केले. त्या नावाची आद्याक्षरे म्हणजे बीडीडी. याच खात्याकडे बॅकबेला समुद्र हटवून जमीन काढण्याचे काम होते आणि त्याचा खर्च पुढे मोठ्या वादाचा विषय झाला. चाळींसाठी पैसा उभा केला तो कर्जातून आणि शहरात येणाऱ्या कापसाच्या गाठीमागे एक रुपया जकात लावून. म्हणजे ज्या कापसावर गिरण्या चालत, त्याच कापसाच्या गाठीतून गिरणी कामगाराच्या छपराचे पैसे येत होते.

योजना 50 हजार गाळ्यांची होती. प्रत्यक्षात 207 इमारती झाल्या : वरळीत 121, नायगावला 42, डिलाईल रोडला, म्हणजे आजच्या ना. म. जोशी मार्गावर, 32 आणि शिवडीत 12. सगळीकडे नकाशा जवळपास एकच. तळमजला आणि वर तीन मजले, मजल्याच्या मधोमध लांब पॅसेज, त्याच्या दोन्ही अंगांना दहा-दहा खोल्या, संडास सामाईक. मजल्यावर वीस खोल्या, इमारतीत ऐंशी.

वरळीत सर्वांत जास्त इमारती उभ्या राहिल्या, कारण मोकळी जमीन तिथे होती. अठराव्या शतकाच्या अखेरीस महालक्ष्मी-वरळीच्या मधली खाडी बांध घालून अडवल्यावर मागे जो सखल भाग उरला, तो बराच काळ ओसाडच होता. जमीन मिळाली, पण कामगाराचा दिवस कसा जातो हे कुणी पाहिले नाही. गिरणीचा भोंगा पहाटे होई आणि पायी वेळेवर पोचता येईल अशीच खोली कामगार बघे. बाजार, किराणा, उधारीचा वाणी, खाणावळ हे सगळे परळ-लालबागला. त्यामुळे सुरुवातीला वरळीच्या कितीतरी खोल्या रिकाम्या राहिल्या आणि भाडे खर्चाच्या हिशेबापेक्षा खूप खाली आणावे लागले. आमच्या मते या योजनेची मूळ चूक हीच : घर आधी ठरले, माणूस नंतर. 1930च्या कायदेभंगात तुरुंग अपुरे पडले, तेव्हा सरकारने वरळीच्या रिकाम्या चाळी तात्पुरता तुरुंग म्हणून वापरल्या. सत्याग्रहींना डांबण्याइतकी जागा तिथे सहज मिळाली, यावरून त्या किती ओस होत्या ते कळावे.

पुढे शहरच वरळीपर्यंत सरकले आणि चाळी भरल्या. कोकणातले, साताऱ्याकडचे, कोल्हापूरकडचे लोक आले. एका खोलीत पाळीप्रमाणे झोपणारे दहा-बारा जण, गावच्या मंडळाची खोली, तिथे ठेवलेल्या ट्रंका आणि महिन्याची वर्गणी, जेवण घालणाऱ्या खाणावळवाल्या बाया, हा इथला संसार. दार उघडले की समोर दुसऱ्याचे दार. त्यामुळे पॅसेज हीच बैठकीची खोली झाली. पण त्याच जवळिकीत जातीच्या भिंतीही होत्या. 5 जानेवारी 1974ला वरळीत दलित पँथरची सभा झाली, तिच्यावर दगडफेक झाली आणि दंगल पेटली. 10 तारखेच्या मोर्चात पँथरचे कार्यकर्ते भागवत जाधव मारले गेले. शेजारच्या इमारती एकमेकींवर दगड फेकत होत्या. चाळीतल्या एकोप्याच्या आठवणी सांगताना हा भाग गाळणे खोटेपणाचे आहे. 18 जानेवारी 1982ला गिरणी संप सुरू झाला, त्यात पगार गेले आणि पुढे गिरण्याही बंद पडल्या. काम गेले तरी खोली राहिली, म्हणून कुटुंबे टिकली.

आता काँक्रीटकडे येऊ. 1920च्या दशकात सळईवरचे काँक्रीट, ज्याला साइटवर कव्हर म्हणतात, आजच्या मानाने पातळ ठेवले जाई. ताज्या काँक्रीटचा अल्कधर्मी, म्हणजे आम्लाच्या उलट, गुण सळईला गंजापासून राखतो. हवेतला कार्बन डायऑक्साइड वर्षानुवर्षे आत मुरला की तो गुण कमी होत जातो. वरळीला त्यात समुद्रावरून येणाऱ्या मिठाची भर. सळई गंजली की गंजाला मूळ लोखंडापेक्षा कित्येक पट जागा लागते आणि आतून दाब येऊन सळईच्या रेषेत भेग पडते, मग पोपडा सुटतो. हातोडीने ठोकल्यावर आवाज पोकळ आला, तर समजायचे की गिलाव्याखाली बहुधा गंज सुरू आहे. अशा जागी नुसता गिलावा मारला की दोन-तीन पावसाळ्यांत तो सुटतो आणि सळई उघडी पडते. खरी दुरुस्ती म्हणजे सैल काँक्रीट सळईच्या मागपर्यंत फोडायचे, सळई घासून गंज काढायचा, जी फार झिजली तिला पुरेशा लांबीचा जोड देऊन नवी बांधायची, गंजरोधक लेप द्यायचा आणि मग चांगल्या प्रतीच्या मसाल्याने भरायचे. हे एका खोलीत करून भागत नाही. वरच्याची मोरी गळत असेल, तर खालच्याचा स्लॅब पुन्हा ओला होतो. जुनी लादी न काढता तिच्यावर नवी बसवणे, पोटमाळ्यासाठी भिंतीत खाचा पाडणे, भरलेली पिंपे एका कोपऱ्यात ठेवणे, यानेही स्लॅबवर भार वाढत गेला.

मालकी सरकारची, कारभार सार्वजनिक बांधकाम खात्याकडे, राहणारे भाडेकरू. मोठा खर्च करायला कुणीच पुढे येईना. पुनर्विकासाचे भूमिपूजन एप्रिल 2017मध्ये झाले, म्हाडाकडे काम आले आणि वरळीत बांधकामाचा नारळ ऑगस्ट 2021मध्ये फुटला. मध्ये पात्रता, संक्रमण शिबिर, करार आणि घराचा आकार यांवर बरीच ओढाताण झाली. रहिवाशांची भीती साधी होती : एकदा चाळ सोडली की परत येता येईल का? ज्यांनी गिरणीच्या जमिनीवर मॉल उभे राहताना पाहिले, त्यांनी लेखी हमी मागावी यात वावगे काहीच नव्हते.

नव्या टॉवरलाही तोच वारा लागतो, तीच मिठाची हवा. फरक इतकाच की कव्हर जाड ठेवता येते आणि काँक्रीटची घनता तपासून घेता येते. राहायला गेलेल्या प्रत्येक इमारतीच्या सोसायटीने पहिल्या वर्षापासून बाहेरच्या भिंती, गच्ची आणि पाण्याच्या टाक्या दर पावसाळ्याआधी पाहून घ्याव्यात, भेग दिसली की तारखेसह वहीत नोंदवावी आणि लिफ्ट व पंपाच्या विजेचा खर्च मासिक वर्गणीत आधीच धरावा. चाळीत हा खर्च नव्हता, म्हणून त्याची सवयही नाही.