‘गॅस व्हई’ ते स्टेंट : खान्देशातल्या हृदयरोगामागची गोष्ट

छातीत कळ आली, दरदरून घाम फुटला, तरी खान्देशातल्या घरात पहिलं वाक्य ठरलेलं असतं: ‘काही नही, गॅस व्हई.’ मग ओवा, सोडा, आणि रात्रीच्या शेवभाजीवर आळ. याला अडाणीपणा म्हणून हसू नये. २४ सप्टेंबर १९५५ ला अमेरिकेचे अध्यक्ष आयझेनहॉवर यांना हार्ट अटॅक आला, तेव्हा वार्ताहरांनाही आधी पोट बिघडल्याचंच सांगितलं गेलं. पुढे त्यांना सुमारे सात आठवडे दवाखान्यात काढावे लागले. पडून राहणं हाच तेव्हाचा मोठा उपचार होता.

अटॅक का येतो, याचा नीट शोध त्याच्या काही वर्षंच आधी सुरू झाला होता. १९४८ मध्ये अमेरिकेतल्या फ्रेमिंगहॅम गावी ५,२०९ धडधाकट माणसांची वर्षानुवर्षं तपासणी करायचं ठरलं. बीपी, कोलेस्टेरॉल आणि सिगारेट हे आज पाठ झालेले तीन आरोपी मुख्यतः तिथे पकडले गेले. ‘वय झालं की बीपी वाढायचंच’ हे तोवर डॉक्टरही मानत. आपल्याकडे पारावर ते अजून ऐकू येतं.

यंत्रांची कथा थोडक्यात सांगता येते. १९५८ मध्ये हृदयाच्या रक्तवाहिन्यांचं थेट चित्र, म्हणजे अँजिओग्राफी, मिळालं, १९६७ पासून बंद वाहिनीला वळसा देणारी बायपास रुजली, १९७७ मध्ये झुरिचला ग्रुंटझिग यांनी फुग्याने अरुंद वाहिनी रुंद करणारी पहिली अँजिओप्लास्टी केली आणि १९८६ मध्ये वाहिनी उघडी ठेवणारी जाळी, म्हणजे पहिला स्टेंट, बसला. छोट्या गावांसाठी मात्र माझ्या मते १९८८ हे साल जास्त मोलाचं. त्या वर्षी १७ हजारांवर रुग्णांच्या चाचणीत दिसलं, की वाहिनीतली रक्ताची गाठ विरघळवणारं स्ट्रेप्टोकायनेज आणि साधी ॲस्पिरिन मिळून पहिल्या पाच आठवड्यांतले मृत्यू ४२ टक्क्यांनी घटतात. कॅथलॅब, म्हणजे अँजिओप्लास्टीची खास खोली, नसली तरी चालणारा हा उपाय होता. अट एकच, रुग्ण लवकर पोचला पाहिजे. वाहिनी बंद पडल्यापासून हृदयाचा स्नायू तासागणिक मरत जातो.

इथेच खान्देशाचं घोडं अडत आलंय. धुळ्याहून नाशिक दीडशे किलोमीटरच्या वर, जळगावहून संभाजीनगरही तेवढंच. नंदुरबारची माणसं सुरत गाठतात. धुळ्याला सरकारी मेडिकल कॉलेज १९८८-८९ च्या सुमारास आलं, जळगावला २०१८ आणि नंदुरबारला २०२० मध्ये. खासगी कॅथलॅब तर अलीकडच्या. तोवर ‘अँजिओग्राफीला नेलं’ म्हणजे गाडी करून नाशिक-मुंबईला नेलं, आणि खर्चाला कापसाचे किंवा केळीचे पैसे मोडले, असाच अर्थ होता.

पैशाच्या बाजूने दोन निर्णयांनी फरक पडला. २ जुलै २०१२ ला मोफत उपचारांची राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना आधी आठ जिल्ह्यांत सुरू झाली, त्यात धुळे होतं. पुढे ती राज्यभर झाली आणि २०१७ मध्ये तिला महात्मा फुल्यांचं नाव मिळालं. त्याच वर्षी फेब्रुवारीत केंद्राने स्टेंटच्या किमतीला लगाम घातला. औषध लावलेला स्टेंट सरासरी एक लाख वीस हजारांच्या आसपास छापील किमतीला विकला जाई, तो २९,६०० रुपयांवर आला. मधला फरक कुणाकुणाच्या खिशात जात होता, हे नातेवाइकांना त्या दिवशी कळलं.

गोळ्यांचं गणित वेगळं. आपल्याकडे १९७० च्या कायद्याने औषधाच्या रेणूला नव्हे, तर ते बनवण्याच्या पद्धतीलाच पेटंट मिळे. तोच रेणू वेगळ्या पद्धतीने बनवायची ही सवलत २००५ पर्यंत राहिली. त्यामुळे कोलेस्टेरॉल उतरवणाऱ्या स्टॅटिनसारख्या गोळ्या भारतीय कंपन्यांनी लवकर आणि स्वस्तात आणल्या. जगात २०२२ मध्ये हृदय व रक्तवाहिन्यांच्या आजारांनी सुमारे १ कोटी ९८ लाख माणसं गेली. असे तीन चतुर्थांशांहून जास्त मृत्यू गरीब आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांत होतात. २००४ च्या ५२ देशांच्या अभ्यासात दक्षिण आशियातल्या माणसाला पहिला अटॅक सरासरी ५३ व्या वर्षी आलेला दिसला, इतरांना जवळपास ५९ व्या. म्हणजे आपल्याकडे कर्ता माणूस पडतो, लेकीचं लग्न आणि सोसायटीचं कर्ज बाकी असताना.

२०१४ पासून १०८ ची गाडी आहे, तालुक्याला ईसीजी निघतो. धडगावच्या माणसाला मात्र आधी सातपुड्याचा घाट उतरावा लागतो, आणि गाडी बोलावण्यापूर्वी घरात ओवा-सोडा होऊन गेलेला असतो.