पहिलं पाणी धुरावर

बंद खोलीतल्या आगीत ज्वाळांपेक्षा छताखाली साचलेला धूर जास्त धोकादायक असतो. त्यात कार्बन मोनॉक्साइड असतो, तापलेल्या फोम-प्लॅस्टिकमधून सुटलेले आणि अर्धवट जळालेले वायू असतात. म्हणजे हा धूर इंधनच आहे, अजून न पेटलेलं. त्याचं तापमान ५०० ते ६०० अंश सेल्सिअसवर गेलं, की वरून येणाऱ्या उष्णतेने खोलीतलं सगळं सामान जवळपास एकाच वेळी पेट घेतं. हा फ्लॅशओव्हर. अंगावर पूर्ण संरक्षक पोशाख असला तरी त्यात सापडलेल्या अग्निशमन दलाच्या जवानाला बाहेर पडायला काही सेकंदच मिळतात. अमेरिकेतल्या यूएल या सुरक्षा-चाचणी संस्थेच्या चाचणीत फोमच्या सोफ्यांची आधुनिक खोली चार मिनिटांच्या आत या टप्प्याला पोचली. लाकूड-कापसाचं जुन्या धाटणीचं सामान असलेल्या खोलीला जवळपास अर्धा तास लागला.

म्हणून आत शिरताना पहिलं पाणी डोक्यावरच्या धुरात मारतात, तेही बारीक फवाऱ्याने, सेकंदभराच्या झटक्यांत. १९८०च्या दशकात स्वीडनच्या अग्निशामकांनी ही पद्धत घडवली. तिच्यामागचं गणित पाहण्यासारखं आहे. समजा, छताखाली ६०० अंशांचा २५ घनमीटर धूर आहे. तो २०० अंशांवर आणायला, सगळे थेंब हवेतच वाफ झाले तर, दीड लिटरच्या आसपास पाणी पुरतं. थंड झाल्यावर धूर आकसून साडेतेरा घनमीटर होतो. पाण्याची वाफ साधारण साडेतीन घनमीटर भरते. बेरीज १७, म्हणजे आधीपेक्षा कमी. धुराचा थर वर सरकतो आणि जमिनीलगत दिसू लागतं.

तेच पाणी तापलेल्या भिंतींवर आणि छतावर पडलं, तर वाफ तेवढीच होते, पण धूर फारसा आकसत नाही. बेरीज वाढते, वाफेचा लोट खाली येतो आणि जवानांना पोशाखाच्या आतून भाजतं. नोझल, म्हणजे पाइपाच्या टोकाची तोटी, नुसतं उघडून धरण्याचा हाच तोटा. थेंब फार मोठे असले तर ते धुरातून न विरता आरपार जातात, सुमारे ०.३ मिलिमीटरचे थेंब सर्वांत उपयोगी. मोठ्या गोदामात मात्र या पद्धतीवर विसंबू नये. तिथे धुराचा साठा प्रचंड असतो आणि फवारा सगळीकडे पोचत नाही.

दाराशी घाई करू नये. होजमध्ये (पाण्याच्या पाइपात) पाणी भरलेलं हवं आणि नोझल एकदा उघडून तपासलेलं हवं. दारावर थोडं पाणी मारायचं; ते कुठल्या उंचीपासून वर झटकन सुकतं, त्यावरून आतल्या गरम थराचा अंदाज येतो. मग गुडघ्यावर बसून, दाराच्या आडोशाला राहून, दार वीतभर उघडायचं, वरच्या फटीतून दोन छोटे झटके मारायचे आणि दार पुन्हा ओढून घ्यायचं. पाच-दहा सेकंद थांबून मगच आत. आत गेल्यावरही एकाने दार शक्य तितकं लोटून धरायचं, फक्त होज सरकेल एवढी फट ठेवून.

दाराची एवढी काळजी ऑक्सिजनमुळे. हवेत तो २१ टक्के असतो. १५ टक्क्यांच्या आसपास ज्वाळा मंदावतात, पण उष्णता आणि जळाऊ वायू तिथेच कोंडलेले राहतात. अशा खोलीचं दार किंवा खिडकी उघडली की ताजी हवा आत घुसते, धुरात मिसळते आणि ठिणगी मिळताच स्फोटासारखा भडका बाहेर येतो. हा बॅकड्राफ्ट. काळवंडलेल्या, तापलेल्या काचा, फटींतून आत-बाहेर होणारा धूर आणि हवा खेचली जाण्याचा शिटीसारखा आवाज ही त्याची लक्षणं. ज्वाळा दिसत नाहीत म्हणून आग विझली असं समजणं, ही इथे सर्वांत घातक चूक. धूर जावा म्हणून पाण्याची तयारी होण्याआधीच काचा फोडणंही तितकंच वाईट.

हवेचा हिशेब जवानाच्या पाठीवरही असतो. ६.८ लिटरच्या सिलिंडरमध्ये ३०० बार दाबाने सुमारे २००० लिटर हवा मावते. कष्टाच्या कामात मिनिटाला ५० लिटर लागतात, म्हणजे कागदावर ४० मिनिटं. पण ५०-५५ बारला इशाऱ्याची शिटी वाजते आणि ती हवा संकटासाठी राखीव असते, परतीसाठी नव्हे. आत जाताना ६० बार खर्च झाले असतील, तर परतायलाही निदान ६० लागणार. त्यामुळे दाब ११५-१२० बारवर यायच्या आत जोडीने मागे वळायला हवं, आग विझलेली असो वा नसो.