गीतकार वुडहाउस आणि लिब्रेटिस्ट वुडहाउस

पी. जी. वुडहाउस म्हटलं की आपल्याला त्याच्या विनोदी कथांतले जीव्हज आणि वूस्टर आठवतात. पण या इंग्रज लेखकाने न्यूयॉर्कच्या संगीत विनोदी नाटकांसाठीही भरपूर लिहिलं. तिथे तो कधी गीतकार होता, कधी लिब्रेटिस्ट. ही दोन कामं सर्रास एकच समजली जातात.

लिब्रेटिस्ट संहिता लिहितो: कथानक, प्रवेश, संवाद आणि गाणं कुठे सुरू व्हावं ती जागा. त्या जागी गायचे शब्द गीतकाराचे. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी विनोदी ऑपेरांत संगीतकार सलिव्हनसाठी गिल्बर्ट दोन्ही लिहायचा, त्यामुळे तिथे हा फरक जाणवतच नाही.

वुडहाउसच्या बाबतीत तो स्वच्छ दिसतो. १९१७च्या सुमारास तो, नाटककार गाय बोल्टन आणि संगीतकार जेरोम कर्न हे त्रिकूट न्यूयॉर्कच्या प्रिन्सेस थिएटरसाठी नाटकं रचू लागलं. नाट्यगृह जेमतेम २९९ खुर्च्यांचं. भव्य देखाव्यांना तिथे वावच नव्हता, म्हणून गोष्ट आणि गाणं एकमेकांना घट्ट धरून राहायला हवं होतं. संहितेवर दोघांची नावं असत, पण कथानकाची बांधणी मुख्यतः बोल्टनची आणि गीतं वुडहाउसची. कर्न आधी चाल द्यायचा, वुडहाउस तिच्यावर शब्द बसवायचा. गिल्बर्ट आणि सलिव्हनचा क्रम याच्या उलट, आधी शब्द. मला वाटतं, वुडहाउसच्या गीतांतला बोलण्याचा सहजपणा या चालींमुळेच आला: सूर अवचित लांबला की ठरीव छंद मोडायचा आणि माणूस बोलतो तशी ओळ सुचायची.

'बिल' हे त्याचं गीत बघा. १९१८च्या 'ओह, लेडी! लेडी!!'साठी लिहिलेलं, पण नाटक न्यूयॉर्कला येण्याआधीच गाळलेलं. १९२७ साली कर्नने ते 'शो बोट' या संगीत नाटकात आणलं आणि त्याचा लिब्रेटिस्ट-गीतकार हॅमरस्टीनने शब्दांत थोडे फेरफार केले. अगदी साध्या, चारचौघांसारख्या माणसावर प्रेम करणाऱ्या बाईचं हे हलकंफुलकं गाणं. 'शो बोट'मध्ये ते नवऱ्याने टाकलेल्या ज्युलीच्या तोंडी येतं आणि काळजाला घरं पाडतं. मूळ नाटकाशी नातं तुटूनही गीत जगलं.

संहितेच्या नशिबी असं स्थलांतर नसतं. १९३४च्या 'एनीथिंग गोज'ची गीतं कोल पोर्टरची. वुडहाउस आणि बोल्टन तिथे लिब्रेटिस्ट होते. गोष्ट जहाजावर घडणारी. त्याच वर्षी सप्टेंबरात 'मॉरो कॅसल' जहाजाला आग लागून शंभराहून अधिक लोक मेले, आणि अशा वेळी जहाजावरची ती विनोदी गोष्ट तशीच दाखवणं अवघड झालं. शिवाय मूळ संहिता निर्मात्याच्या मनास उतरली नव्हती, असंही सांगतात. हॉवर्ड लिंडसे आणि रसेल क्राउस यांनी ती जवळजवळ नव्याने लिहिली. वुडहाउसचं नाव श्रेयात राहिलं, संवाद फारसे राहिले नाहीत. पोर्टरची गाणी मात्र आजही गायली जातात. १९८७ साली न्यूयॉर्कमध्ये नाटक पुन्हा आलं तेव्हा संहिता पुन्हा बदलली. या वेळच्या दोन लेखकांपैकी एक होता टिमोथी क्राउस, रसेल क्राउसचा मुलगा.