गिळलं म्हणजे मेलं असं नसतं

१८८२ साल घ्या. मार्चमध्ये बर्लिनला रॉबर्ट कॉखने टीबीचा जंतू सापडल्याचं जाहीर केलं आणि त्याच वर्षी डिसेंबरात सिसिलीतल्या मेसिनाला एका प्राणिशास्त्रज्ञाने स्टारफिशच्या पिल्लांच्या अंगात गुलाबाचे काटे खुपसले. पहिल्या बातमीने जग हललं, दुसरीची कुणाला खबरही नव्हती. पण आपल्या अंगातल्या काही पेशी बाहेरून आलेला कण, जंतू, मेलेली पेशी असं काय काय गिळतात आणि आतल्या आत संपवतात, ज्याला फॅगोसायटोसिस म्हणतात, त्याची गोष्ट ही दोन्ही टोकं धरूनच सांगावी लागते, नुसती काट्याची सांगितली की ती फार गोड होऊन जाते.

काटेवाला माणूस म्हणजे इल्या मेच्निकॉव्ह. जन्म १८४५चा, आताच्या युक्रेनमधल्या खारकीवजवळचा. डॉक्टरकीशी त्याचा काही संबंध नव्हता, समुद्रातले बारके जीव आणि त्यांची वाढ हा त्याचा विषय. पहिली बायको १८७३ मध्ये टीबीनेच गेली. ओडेसाच्या युनिव्हर्सिटीत प्रोफेसर होता, पण १८८१ मध्ये झार अलेक्झांडर दुसरा मारला गेल्यावर तिथलं वातावरण इतकं बिघडलं की पुढच्या वर्षी राजीनामा टाकून दुसरी बायको ओल्गा आणि तिची धाकटी भावंडं यांना घेऊन तो मेसिनाला येऊन राहिला आणि घरातच मायक्रोस्कोप लावला.

पुढचा प्रसंग त्याने स्वतःच नंतर लिहून ठेवलाय. घरचे सगळे सर्कशीतली माकडं बघायला गेलेले, हा एकटाच स्टारफिशच्या पिल्लांमधल्या फिरत्या पेशी बघत बसलेला. ही पिल्लं काचेसारखी पारदर्शक असतात, त्यामुळे आत काय चाललंय ते जिवंतपणी दिसतं. त्याच्या डोक्यात आलं की ह्या पेशी नुसतं अन्न पचवत नसतील, घुसखोराशीही लढत असतील. मग बागेतले गुलाबाचे काटे आणून टोचले आणि रात्रभर झोप नाही. सकाळी बघतो तर काट्याभोवती पेशींचा गराडा. मजा म्हणजे ह्या पिल्लांना ना रक्तवाहिन्या ना मज्जासंस्था, म्हणजे सूज हा रक्तवाहिन्यांचा खेळ आहे हे तेव्हाचं डॉक्टरी मत इथे लागूच पडत नव्हतं.

आता खरं सांगायचं तर पेशी कण गिळतात हे त्याच्या आधीही लोकांनी बघितलं होतं. एर्न्स्ट हेकेलने १८६२ मध्येच समुद्री गोगलगायीच्या जातीतल्या एका प्राण्याला निळीचा रंग टोचून त्याच्या रक्तपेशींत ते कण गेलेले पाहिले होते. विल्यम ऑस्लरने १८७५ मध्ये खाणकामगाराच्या फुफ्फुसातल्या पेशींत कोळशाचे कण दाखवले. पांढऱ्या पेशींत जंतू दिसतात हेही माहीत होतं, पण त्याचा अर्थ उलटा लावला जायचा. जंतू पेशीत शिरतो, तिथे आरामात वाढतो आणि त्याच पेशीवर स्वार होऊन शरीरभर पसरतो, असं तेव्हा कॉलेजात शिकवायचे. जर्मन पॅथॉलॉजीतलं तेव्हाचं बडं प्रस्थ रुडॉल्फ फिर्खो योगायोगाने मेसिनाला आला होता, त्याने मेच्निकॉव्हचं काम बघितलं, कौतुक केलं आणि वर बजावलं की बाबा रे, सगळे ह्याच्या बरोबर विरुद्ध शिकवतात, जपून बोल.

मग मेच्निकॉव्हने नवीन काय केलं? माझ्या मते त्याचं मोठेपण काट्यात नाहीच, ते आहे पचनाच्या विचारात. स्पंजसारख्या साध्या प्राण्यात वेगळं पोट नसतं, पेशीच अन्नाचा कण गिळून आत पचवते. वरच्या प्राण्यांना पोट मिळालं, आतडी मिळाली, तर मग आतल्या ह्या फिरत्या, गिळणाऱ्या पेशी अजून कशाला शिल्लक आहेत? जुनी सवय नव्या कामाला लावली गेली, हे त्याचं उत्तर. हे डार्विन पचवलेल्या प्राणिशास्त्रज्ञालाच सुचू शकतं, पॅथॉलॉजीवाल्याला नाही. पेशींना फॅगोसाइट हे नाव व्हिएन्नाच्या कार्ल क्लाउस ह्या प्राध्यापकाने सुचवलं आणि १८८३ मध्ये ते छापून आलं.

काट्याचा प्रयोग दिसायला छान, पण काटा काही रोग नव्हे. खरा पुरावा १८८४ मध्ये आला, डॅफ्निया म्हणजे गोड्या पाण्यातल्या टाचणीच्या डोक्याएवढ्या पिसवेवर. तिला एका यीस्टसारख्या बुरशीचा रोग होतो, सुईसारखे बीजाणू आतड्याची भिंत भोसकून आत येतात. पेशी जमल्या आणि बीजाणू फुटून विरघळले की पिसू वाचते, एखादा निसटला आणि वाढला की मग उलट बुरशीच पेशींना खाते आणि पिसू मरते. अख्खी लढाई, दोन्ही निकालांसकट, भिंगाखाली. मला विचाराल तर पाठ्यपुस्तकात काट्याच्या जागी ही पिसूच असायला हवी.

जर्मनीत मात्र त्याचं स्वागत थंडच झालं. १८८७ मध्ये तो स्वतः स्लाइड्स घेऊन कॉखला भेटला, पण कॉख बधला नाही. पुढच्या वर्षी पॅरिसला लुई पाश्चरने नव्या इन्स्टिट्यूटमध्ये जागा दिली आणि तो शेवटपर्यंत तिथेच राहिला. इथे आपल्याकडचा एक धागा येतो. ओडेसात मेच्निकॉव्हच्या हाताखाली शिकलेला एक पोरगा त्याच्यामागून पॅरिसला आला, आधी लायब्ररीत काम केलं, मग कॉलऱ्याची लस बनवली, आणि १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आल्यावर ग्रँट मेडिकल कॉलेजात लस तयार करून १० जानेवारी १८९७ला ती आधी स्वतःला टोचून घेतली. वाल्डेमार हाफकिन. परळच्या हाफकिन इन्स्टिट्यूटवरून रोज जाणाऱ्यांना हे नाव पाठ असतं, त्याचा गुरू कोण हे सहसा नसतं.

इकडे युरोपात भांडण पेटलं होतं. १८९० मध्ये बेरिंग आणि कितासातो यांनी दाखवलं की धनुर्वाताला इम्यून झालेल्या प्राण्याचं नुसतं सीरम, म्हणजे रक्त गोठल्यावर वेगळं होणारं पाणी, एकही पेशी नसलेलं, दुसऱ्या प्राण्याला वाचवतं. म्हणजे संरक्षण रक्ताच्या पाण्यात आहे, पेशीत नाही, असं जर्मन मंडळी म्हणायला मोकळी. १८९४ मध्ये रिचर्ड फायफरने गिनीपिगच्या पोटात कॉलऱ्याचे जंतू कुठल्याही पेशीने न गिळता विरघळताना दाखवले. मेच्निकॉव्ह चिडून प्रत्येक प्रयोगाला उलट प्रयोग काढायचा. आणि गंमत अशी की जंतू विरघळवणाऱ्या सीरमात दोन वेगवेगळे घटक लागतात, हे १८९५ मध्ये त्याच्याच लॅबमधल्या ज्यूल बोर्देने शोधलं, म्हणजे विरोधी पक्षाला भरभक्कम मुद्दा घरातूनच मिळाला.

मधला रस्ता लंडनच्या अ‍ॅल्मरॉथ राइट आणि स्टुअर्ट डग्लस यांनी १९०३ मध्ये काढला. सीरममधलं काहीतरी जंतूला चिकटतं, आणि ते चिकटलं की पेशी तो जंतू पटापट गिळतात, सीरम काढून घेतलं तर नाक मुरडतात. भाताला वरण लागतं तसं. म्हणजे दोन्ही पक्ष बरोबर होते. राइटने मग रुग्णाच्या पेशीत किती जंतू गेले ते मोजून इलाज ठरवायचं खूळ काढलं, मोजणीच भरवशाची नसल्यामुळे ते काही वर्षांत बंद पडलं, पण मूळ गोष्ट टिकली. १९०८ चं नोबेल मेच्निकॉव्ह आणि सीरमवाल्यांचा पॉल एर्लिख यांना अर्धं अर्धं दिलं गेलं.

त्यानंतर बरीच वर्षं ह्या पेशींना कुणी फारसं विचारत नव्हतं, सगळी हुशार पोरं अँटिबॉडीच्या, म्हणजे सीरममधल्या जंतूला चिकटणाऱ्या प्रथिनांच्या मागे. मेच्निकॉव्ह स्वतः म्हातारपण आणि आंबवलेलं दूध याच्या मागे लागला होता, १९१६ मध्ये गेला. पण एक मोठा प्रश्न तसाच पडून होता. पेशी जंतू गिळते हे ठीक, मारते कशी?

उत्तर तुकड्यातुकड्यांनी आलं. १९३३ मध्ये बाल्ड्रिज आणि जेरार्ड या दोघांना दिसलं की गिळताना कुत्र्याच्या पांढऱ्या पेशी एकदम जास्त ऑक्सिजन ओढतात, त्यांना वाटलं मेहनतीचं काम आहे, ताकद लागत असेल. १९५५ मध्ये बेल्जियमच्या क्रिस्तियां द ड्यूव्हने लायसोसोम नावाच्या, पेशीतल्या पचवणाऱ्या एन्झाइम्सच्या पिशव्या जाहीर केल्या. तो खरं तर इन्सुलिनचं काम करत होता, लिव्हरचा एक नमुना काही दिवस फ्रिजमध्ये राहिला आणि बाहेर काढल्यावर त्यातलं एन्झाइम भलतंच वाढलेलं दिसलं, म्हणजे आधी ते कशात तरी बंद होतं. १९६० मध्ये कोन आणि हर्श यांनी न्यूयॉर्कला दाखवलं की पेशीने जंतू गिळला की तिच्यातले दाणे, म्हणजे अशाच एन्झाइम्सच्या पिशव्या, एकेक करून गायब होतात, कारण ते गिळलेल्या जंतूच्या पिशवीत रिकामे होतात.

पण नुसती एन्झाइम्स पुरत नाहीत हे आजारी मुलांनी शिकवलं. १९५०च्या दशकात अमेरिकेत काही मुलगे सापडले ज्यांना सतत इन्फेक्शन, गाठी, पू, आणि अँटिबॉडीज मात्र भरपूर. १९६६-६७च्या सुमारास मिनेसोटात कळलं की ह्यांच्या पेशी जंतू व्यवस्थित गिळतात, पण आत तो जिवंत राहतो. ऑक्सिजनचा तो जादा घोट ह्या पेशी घेऊच शकत नव्हत्या. तो घोट मेहनतीचा नव्हताच, त्या ऑक्सिजनपासून पेशी विष बनवते, आधी सुपरऑक्साइड आणि त्यातून हायड्रोजन पेरॉक्साइड. बॅबिओरने १९७३ मध्ये सुपरऑक्साइड दाखवलं आणि १९३३च्या निरीक्षणाला चाळीस वर्षांनी नीट अर्थ लागला.

आणि टीबी? तो फिर्खोने बजावलेल्या त्या जुन्या मताचा शेवटचा किल्ला निघाला. फुफ्फुसातली मॅक्रोफेज नावाची मोठी गिळणारी पेशी टीबीचा जंतू गिळते आणि तो तिच्यातच घर करतो, म्हणजे जंतू पेशीत आरामात वाढतो हे मेच्निकॉव्हच्या आधीचं म्हणणं निदान कॉखच्या स्वतःच्या जंतूबाबत बरंचसं खरं होतं. लंडनला आर्मस्ट्राँग आणि डार्सी हार्ट यांनी १९७१ मध्ये इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपखाली दाखवलं की जिवंत जंतू ज्या पिशवीत असतो तिला लायसोसोम येऊन मिळतच नाही, मेलेला असेल तर मिळतो. त्यांनी पुढे राइटचीच युक्ती करून बघितली, जंतूला आधी अँटिबॉडीवालं सीरम लावलं आणि मग पेशींना दिला. ह्या वेळी लायसोसोम येऊन मिळाले, सगळी एन्झाइम्स जंतूवर ओतली गेली. तरीही तो मेला नाही.