ब्रकमन, क्लाइड
ब्रकमन, क्लाइड : (१८९४–४ जानेवारी १९५५). अमेरिकन विनोदी चित्रपटांचे लेखक व दिग्दर्शक. जन्म कॅलिफोर्निया राज्यातील सॅन बर्नार्डिनो येथे. बस्टर कीटन, लॉरेल-हार्डी, हॅरल्ड लॉइड, डब्ल्यू. सी. फील्ड्स, थ्री स्टूजेस हे त्रिकूट आणि अ‍ॅबट-कॉस्टेलो ही जोडी या सर्वांसाठी त्यांनी काम केले. इतक्या निरनिराळ्या हास्यनटांच्या कामाला हात लागलेला लेखक त्या काळातही विरळाच. तरीही त्यांचे नाव प्रेक्षकांच्या ओळखीचे झाले नाही आणि याचे कारण त्यांच्या व्यवसायाच्या स्वरूपातच आहे.

ब्रकमन हे ‘गॅगमन’ होते. गॅग म्हणजे हशा वसूल करणारी एखादी युक्ती किंवा प्रसंग आणि असे प्रसंग सुचवण्यासाठीच स्टुडिओने पगारावर ठेवलेला माणूस म्हणजे गॅगमन. मूकपटांच्या जमान्यात विनोदी लघुपटाची संहिता पुष्कळदा कागदावर उतरतच नसे. चारपाच माणसे एका खोलीत बसून बोलत, एकाने टाकलेली कल्पना दुसरा फिरवी, तिसरा तिला शेवट देई आणि दुसऱ्या दिवशी ती कॅमेऱ्यासमोर उभी राही. तिचा जनक कोण, हे अखेरीस त्या खोलीतल्या माणसांनाही सांगता आले नसते. नाटकमंडळ्यांतून आणि व्होडव्हिलच्या (नाच, गाणी, नकला यांच्या मिश्र करमणुकीच्या) रंगमंचावरून आलेल्या या कलावंतांना जुनी युक्ती नवा साज चढवून पुन्हा वापरण्यात काही वावगेही वाटत नसे. पुढे ब्रकमन यांना न्यायालयात जे भोगावे लागले, त्याची मुळे या मोकळ्या रिवाजात आहेत.

क्रीडा-पत्रकार म्हणून सुरुवात केलेले ब्रकमन १९१९च्या सुमारास चित्रपटांकडे वळले. आरंभी ते मूकपटांतील पाट्यांचा मजकूर लिहीत. त्यानंतर ते कीटन यांच्या लेखकांत दाखल झाले. ज्याँ हॅवेझ, जोसेफ मिचेल आणि ब्रकमन या त्रयीचे नाव ‘थ्री एजेस’ व ‘अवर हॉस्पिटॅलिटी’ (दोन्ही १९२३), ‘शेरलॉक ज्युनियर’ व ‘द नॅव्हिगेटर’ (दोन्ही १९२४) आणि ‘सेव्हन चान्सेस’ (१९२५) या चित्रपटांच्या लेखनश्रेयात आढळते. कीटन यांना बेसबॉलचे वेड होते. एखाद्या प्रसंगाची गाठ सुटेनाशी झाली की चित्रीकरण थांबवून सगळे मैदानावर उतरत आणि काहीतरी सुचले की डाव अर्धा टाकून परतत. अशा संघात क्रीडा-पत्रकार चपखल बसला यात नवल नाही. ब्रकमन यांनी स्वतः मात्र या काळाचे श्रेय घेण्याचे नेहमीच टाळले. कीटन हेच स्वतःचे सर्वोत्तम गॅगमन होते आणि आपल्याला पगार घेतानाही कित्येकदा संकोच वाटे, असे त्यांनी उत्तरायुष्यात कीटन यांच्या चरित्रकाराला सांगितले. यात विनय किती आणि वस्तुस्थिती किती, हे ठरवणे कठीण आहे. पण कीटनपटांतील यांत्रिक करामती पाहता विधान अगदीच पोकळ वाटत नाही.

‘द जनरल’ (१९२६) या चित्रपटाची बीजकल्पना मात्र निश्चितपणे ब्रकमन यांनी आणली. अमेरिकन यादवी युद्धात एप्रिल १८६२ मध्ये उत्तरेच्या हेरांनी जॉर्जियात घुसून एक रेल्वे इंजिन पळवले होते. त्या मोहिमेतील विल्यम पिटेंजर या सैनिकाने लिहिलेले पुस्तक त्यांनी कीटन यांच्या हाती दिले. कीटन यांनी गोष्ट उलटी करून ती इंजिन गमावलेल्या दक्षिणेकडील चालकाच्या बाजूने सांगितली. ओरेगन राज्यातील कॉटेज ग्रोव्ह परिसरात चित्रीकरण झाले आणि जळत्या पुलावरून खरेखुरे इंजिन नदीत कोसळवण्यात आले. श्रेयनामावलीत दिग्दर्शक म्हणून कीटन यांच्या बरोबरीने ब्रकमन यांचे नाव आहे. प्रदर्शित झाला तेव्हा चित्रपटाने निराशा केली. आज तो मूकपटांच्या शिखरांपैकी एक मानला जातो आणि १९८९ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीच्या पहिल्याच यादीत त्याचा समावेश झाला.

यानंतर ब्रकमन हॅल रोच स्टुडिओत गेले. मराठी प्रेक्षक ज्यांना ‘जाड्या-रड्या’ म्हणून ओळखतो, त्या लॉरेल-हार्डी यांची जोडी तेव्हा नुकतीच आकाराला येत होती. ‘पुटिंग पँट्स ऑन फिलिप’, ‘द बॅटल ऑफ द सेंच्युरी’ (दोन्ही १९२७), ‘लीव्ह एम लाफिंग’ आणि ‘द फिनिशिंग टच’ (दोन्ही १९२८) हे त्यांचे लघुपट ब्रकमन यांनी दिग्दर्शित केले. तोंडावर क्रीमचा ‘पाय’ (इंग्रजी ‘pie’, पिठाच्या कवचात भरलेला गोड पदार्थ) फेकण्याची युक्ती तोवर झिजून गुळगुळीत झाली होती. ‘द बॅटल ऑफ द सेंच्युरी’मध्ये ती एवढ्या प्रमाणावर योजली की जुनेपणाचाच विनोद झाला. एका माणसाच्या तोंडावर बसलेल्या पायपासून सुरू झालेले भांडण हळूहळू साऱ्या रस्त्याला वेढते. यासाठी सुमारे ३,००० पाय लागल्याचे सांगितले जाते. या लघुपटाचे दुसरे रीळ कित्येक दशके हरवलेले होते. त्याची जवळजवळ पूर्ण प्रत २०१५ मध्ये एका संग्राहकाच्या हाती लागली.

बोलपट आल्यावर हॅरल्ड लॉइड यांनी त्यांना बोलावले. मूकपट म्हणून चित्रित होत असलेला ‘वेलकम डेंजर’ (१९२९) ब्रकमन यांच्या हाताखाली ध्वनीसह नव्याने घडवण्यात आला. पाठोपाठ ‘फीट फर्स्ट’ (१९३०) व ‘मूव्ही क्रेझी’ (१९३२) आले. तोपर्यंत त्यांचे मद्यपान हाताबाहेर गेले होते आणि ‘मूव्ही क्रेझी’च्या दिग्दर्शनाचा बराचसा भार लॉइड यांनीच उचलल्याचे सांगितले जाते. फील्ड्स यांच्यासह त्यांनी ‘द फेटल ग्लास ऑफ बिअर’ (१९३३) हा विक्षिप्त, आपल्याच अतिनाट्याची टर उडवणारा लघुपट केला. ‘मॅन ऑन द फ्लाइंग ट्रॅपीझ’ (१९३५) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला शेवटचा पूर्ण लांबीचा चित्रपट ठरला.

यापुढे ते केवळ लेखक राहिले आणि मुख्यतः कोलंबिया या चित्रपट कंपनीच्या दोन रिळांच्या लघुपटांवर त्यांनी गुजराण केली. या कामाची सरसकट हेटाळणी करणे योग्य नाही. फेलिक्स अ‍ॅडलर यांच्याबरोबर त्यांनी लिहिलेला थ्री स्टूजेसचा ‘यू नात्झी स्पाय!’ जानेवारी १९४० मध्ये, म्हणजे चॅप्लिन यांच्या ‘द ग्रेट डिक्टेटर’च्या काही महिने आधी, हिटलरची खिल्ली उडवून गेला. मात्र नवे सुचेनासे झाले तसे ब्रकमन जुनी गाठोडी सोडू लागले. कीटन यांच्यासाठी लिहिलेल्या ‘मूचिंग थ्रू जॉर्जिया’ (१९३९) या लघुपटात पुन्हा यादवी युद्ध आले, तर ‘ब्राइडलेस ग्रूम’ (१९४७) मध्ये ‘सेव्हन चान्सेस’ची गोष्ट स्टूजेसच्या अंगावर चढली.

लॉइड यांच्या चित्रपटांतील उचल मात्र महागात पडली. ‘मूव्ही क्रेझी’त नायक मेजवानीत चुकून जादूगाराचा कोट अंगात घालतो आणि नाचता नाचता त्या कोटातून ससा, उंदीर असे काय काय बाहेर पडू लागते. हा प्रसंग ब्रकमन यांनी १९४२ मध्ये स्टूजेससाठी वापरला आणि पुढच्या वर्षी युनिव्हर्सल कंपनीच्या ‘सोज युअर अंकल’मध्ये जवळजवळ जसाच्या तसा उतरवला. लॉइड यांची कंपनी न्यायालयात गेली. सलग ५७ दृश्ये उचलल्याचे ग्राह्य धरून अपील न्यायालयाने १९४७ मध्ये ४०,००० डॉलरची भरपाई कायम केली. एखादी सुटी युक्ती कोणाची खाजगी मालमत्ता नसली, तरी तिची विशिष्ट मांडणी व क्रम यांना संरक्षण मिळते, हा या निकालाचा रोख होता. गॅगमनांच्या त्या जुन्या खोलीला अशी सीमारेषा ठाऊक नव्हती. ज्या प्रसंगाचे आपण दिग्दर्शक होतो तो आपलाही आहे असे ब्रकमन यांना वाटले असल्यास ते समजण्यासारखे आहे. पण त्यांनी मोठा उतारा शब्दशः घेतला हेही खरे. या प्रकरणानंतर इतर स्टुडिओंची दारे त्यांना जवळपास बंद झाली.

दूरचित्रवाणीने थोडा आधार दिला. कीटन यांच्या मालिकेसाठी आणि नंतर अ‍ॅबट-कॉस्टेलो यांच्या मालिकेसाठी त्यांनी लिहिले. तेथेही जुन्या कीटनपटांचे तुकडे डोकावतात. काम मिळेनासे झाल्यावर ४ जानेवारी १९५५ रोजी सँटा मोनिका येथील एका उपाहारगृहात त्यांनी कीटन यांच्याकडून मागून आणलेल्या पिस्तुलाने आत्महत्या केली.

‘द एक्स-फाइल्स’ या दूरचित्रवाणी मालिकेच्या १९९५ मधील एका भागाच्या शीर्षकात त्यांचे नाव आहे. त्यातील क्लाइड ब्रकमन हा इतरांचा मृत्यू आधीच दिसणारा आयुर्विमा विक्रेता आहे. या भागाच्या लेखनाला एमी पुरस्कार मिळाला. त्यात तपास करणाऱ्या एका पोलीस अधिकाऱ्याचे नाव हॅवेझ असे ठेवलेले आहे.